अर्धं मिनिट कुणी हलू नका

“मॅडम, मग सातव्या शीलाचं काय?”

मी दिवे लावले आणि पहिला प्रश्न हा आला. पुण्यातल्या एका माध्यमवर्गात मी वर्षातून दोनदा ध्वनिमुद्रण शिकवायला जाते. त्या दिवशी मुलांना ‘द स्पिरिट ऑफ तिबेट’ दाखवला होता. मातिए रिकार या फ्रेंच बौद्ध भिक्षूंनी आपल्या गुरूंवर केलेला, १९९८ सालचा, साधारण पाऊण तासाचा माहितीपट. वाटलं होतं, मुलं त्यातल्या आवाजांबद्दल विचारतील. नांदेडकडची एक मुलगी मात्र थेट शीलावर आली. तिची आजी वर्षावासात उपोसथ धरते, विहारात जाऊन अष्टशील घेते. त्यातलं सातवं शील नाच, गाणं, वाजवणं, तमाशे बघणं यांपासून लांब राहण्याचं. “त्या दिवशी आजी टीव्हीवर चादर टाकते. मोबाइलवर गाणं लागलं तरी ओरडते. आणि हे चीवर घालून सिनेमा काढतात?”

वर्ग हसला. मीही हसले, कारण माझ्याकडे उत्तर नव्हतं. चौतीस वर्षं मी इतरांच्या सिनेमांसाठी आवाज गोळा करते आहे. त्यातली निम्मी तरी देव, धर्म, यात्रा, मठ, दर्गे यांच्यावरची कामं. पण धर्माची माणसं स्वतःच कॅमेऱ्यामागे उभी राहिली तर काय होतं, याचा मी कधी नीट विचार केला नव्हता. हा लेख म्हणजे त्या मुलीला उशिरा दिलेलं उत्तर समजा.

आधी रिकार यांच्याबद्दल. माणूस मोठ्या गमतीदार वाटेने इथवर आला. जन्म १९४६चा. वडील झाँ-फ्रांस्वा रेव्हेल हे फ्रान्समधले नावाजलेले विचारवंत आणि पक्के नास्तिक. आई चित्रकार; पुढे तिनेही भिक्षुणीची वस्त्रं घेतली. मुलगा पॅरिसच्या पाश्चर संस्थेत पेशींच्या आनुवंशिकीवर संशोधन करत होता, तेही नोबेल मिळालेल्या फ्रांस्वा जाकोब यांच्या हाताखाली. आपल्याकडे असा मुलगा असता तर आईवडिलांनी शेजारपाजारी पेढे वाटले असते. हा मुलगा १९६७ मध्ये, वयाच्या एकविसाव्या वर्षी, दार्जिलिंगला पोचला आणि कांग्युर रिन्पोचे यांच्या पायाशी बसला. मग काही वर्षं फ्रान्स-हिमालय ये-जा केली, १९७२ मध्ये डॉक्टरेट पुरी केली आणि कायमचा निघून आला.

दार्जिलिंगच का? तर एक माहितीपट पाहिला म्हणून. आर्नो देजार्दँ हे फ्रेंच दूरचित्रवाणीत काम करणारे गृहस्थ. चीनने तिबेट घेतल्यावर भारतात आलेल्या थोर लामांना ते एकेक करून भेटले आणि त्यांचं चित्रीकरण करून घेऊन गेले. ते चित्रीकरण रिकार यांनी संकलन चालू असतानाच पाहिलं. पडद्यावर चेहऱ्यामागून चेहरे आले. त्या चेहऱ्यांवर जे होतं ते पॅरिसमधल्या हुशार माणसांच्या चेहऱ्यांवर नव्हतं, असं त्यांना वाटलं. देजार्दँ यांची गोष्ट तर आणखी न्यारी. हे बंगालमधल्या स्वामी प्रज्ञानपाद यांचे शिष्य झाले आणि पुढे फ्रान्समध्ये स्वतःच आश्रम काढून बसले. कॅमेरावाला गुरू झाला. त्याचा सिनेमा पाहणारा भिक्षू झाला. आणि त्या भिक्षूने पुन्हा कॅमेरा उचलला.

आपल्याला हे नवीन वाटू नये. मुंबईत ख्रिस्ताच्या चरित्रावरचा मूकपट पाहताना एका त्र्यंबकेश्वरच्या ब्राह्मणाला पडद्यावर कृष्ण दिसायला लागला, तिथून आपला सिनेमा सुरू झाला. दादासाहेब फाळक्यांनी तेव्हा दुसऱ्याच्या देवाकडे पाहून स्वतःचा देव ओळखला. फाळके धंद्यात शिरले, रिकार मठात शिरले, एवढाच फरक. अंधारात बसलेल्या माणसाचं आयुष्य पडदा कुठल्या बाजूला वळवील याचा नेम नसतो. म्हणून तर आजी टीव्हीवर चादर टाकते. तिचं काही चुकतं असं मला वाटत नाही.

पण सातव्या शीलाचं उत्तर मला सापडलं ते अजिंठ्यात. म्हणजे जुन्या आठवणीत. एका कामासाठी मी सतराव्या लेण्यात तीन दिवस माइक धरून उभी होते. व्हरांड्याच्या डाव्या भिंतीवर एका मोठ्या चक्राचा तुकडा शिल्लक आहे. इंग्रजांना ते राशिचक्र वाटलं, म्हणून या लेण्याला कधीकाळी राशिचक्राचं लेणंच म्हणत. ते आहे भवचक्र. माणूस कशात अडकून पुन्हा पुन्हा जन्माला येतो, याचं चित्र. दिव्यावदानात कथा आहे की, राजगृहाच्या वेळुवनात विहाराच्या दारावर असं चक्र काढा, असं बुद्धांनीच सांगितलं. मधोमध कबुतर, साप आणि डुक्कर: आसक्ती, द्वेष, मोह. लोक येऊन विचारू लागले, हे काय काढलंय? भिक्षूंना सांगता येईना. तेव्हा बुद्धांनी आज्ञा केली की, येणाऱ्या-जाणाऱ्यांना हे चित्र समजावून सांगायला एक भिक्षू नेमा.

दारात चित्र आणि शेजारी ते समजावणारा माणूस. आमच्या धंद्यात याला व्हॉइस ओव्हर म्हणतात. आणि तिबेटी भिक्षू ज्या मूलसर्वास्तिवादी विनयाने चालतात, त्याच परंपरेतली ही कथा आहे. शील तमाशे बघण्याबद्दल आहे. दाखवण्याचं काम तर एका भिक्षूला नेमून दिलेलं आहे. शिवाय तिबेटी मठांत छाम असतो, मुखवटे घालून भिक्षूंनी केलेलं नृत्य, आणि तो पूजेचाच भाग असतो. कॅमेरा आला तो काही कोऱ्या घरात आला नाही. मी मुलीला हे सांगितलं तेव्हा ती म्हणाली, “म्हणजे पळवाट आहे.” असेलही. पण दीड हजार वर्षं जुनी पळवाट आहे, आणि ती आपल्याच डोंगरात रंगवलेली आहे.

खरं तर तिने दहावं शील विचारायला हवं होतं. हे अष्टशीलातलं नव्हे, श्रामणेराच्या, म्हणजे नवख्या भिक्षूच्या दहा शीलांतलं: सोनं-रुपं स्वीकारू नये. सिनेमा म्हणजे पैसा. रोजचं भाडं, प्रवास, संकलनाचे तास, हक्कांचे करार. रिकार आपल्या पुस्तकांचं उत्पन्न २००० साली सुरू केलेल्या करुणा-शेचेन या संस्थेला देतात. ती भारत, नेपाळ, तिबेटमध्ये दवाखाने आणि शाळा चालवते. इथे शंका घ्यायला मला जागा दिसत नाही, म्हणून पुढे जाते.

माझ्या लेखी या माहितीपटाचं मोल पवित्र वस्त्रांमुळे नाही. ते काळामुळे आहे. तो ज्यांच्यावर आहे ते रिकार यांचे गुरू दिल्गो ख्येन्त्से रिन्पोचे १९९१ मध्ये गेले. त्याआधीची बारा-तेरा वर्षं रिकार त्यांच्या सेवेत होते. सोबत प्रवास करत, त्यांच्याच खोलीच्या आसपास झोपत, फोटो काढत. १९८५ मध्ये गुरू जवळजवळ तीस वर्षांनी पूर्व तिबेटात परतले, तेव्हाही हा शिष्य बरोबर होता. दिल्गो ख्येन्त्से हे साडेसहा फुटांचे, पर्वतासारखे गृहस्थ. ते बसलेले असताना त्यांच्याभोवतीची माणसं कशी हलतात, कुणाचा आवाज खाली येतो, कोण पोर त्यांच्या मांडीला टेकतं, हे तिथे वर्षानुवर्षं वावरणाऱ्यालाच टिपता येतं. कारण त्याच्याकडे कुणी बघतच नाही. तो घरातला असतो.

आम्हाला मात्र सगळे बघतात. आमच्याकडे तीन दिवसांची परवानगी असते. तीन दिवसांत काय मिळतं? सूर्योदय, पताका, एका लहान भिक्षूचं हसू, जपमाळ ओढणारी बोटं, आणि पाहुण्यांसाठी घासूनपुसून ठेवलेली मुलाखत. परत आल्यावर हे सगळं कमी पडतंय हे दिग्दर्शकालाही कळतं, म्हणून खाली बासरी घातली जाते. या बासरीवर माझा जुना राग आहे. तिबेटी गोम्पात, म्हणजे मठात, बासरी नसते. तिथे ग्यालिंग असते, आपल्या सनईच्या कुळातली; आणि दुंगचेन असतात, माणसापेक्षा लांब तुताऱ्या, ज्या जोडीने वाजवतात म्हणजे एकाचा श्वास संपताना दुसऱ्याचा चालू राहतो. पंढरपूर असो, अजमेर असो, सारनाथ असो, आपल्या माहितीपटांत आकाशातून बासरीच पडते. देशातल्या सगळ्या धर्मांचा आवाज एकच असल्यासारखी.

१९९६च्या उन्हाळ्यात मी स्पितीतल्या एका गोम्पात काम केलं. उंची बारा हजार फुटांच्या वर. थंडीने डॅट रेकॉर्डरच्या बॅटऱ्या माना टाकायच्या, म्हणून मी त्या स्वेटरच्या आत, काखेत धरून हिंडायचे. दुंगचेनचा खर्ज एवढा की मीटरचा काटा लाल पट्टीला जाऊन चिकटायचा आणि कानात मात्र फक्त छाती हलल्यासारखं वाटायचं. पूजा संपल्यावर मी नेहमीची आज्ञा सोडली: अर्धं मिनिट कुणी हलू नका. याला रूम टोन म्हणतात. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते. संकलनात दोन वाक्यांच्या मधे भरायला ती लागते. मनात म्हटलं, आयुष्यात पहिल्यांदा हे एका फटक्यात मिळणार. समोर चाळीस भिक्षू, ध्यानाचं घर.

कसलं काय! चार वेळा प्रयत्न केला. पहिल्यांदा मागच्या रांगेतली पोरं खुदकली. दुसऱ्यांदा एकाने नाक ओढलं. तिसऱ्यांदा कुणीतरी दुसऱ्याच्या अंगावर तांदळाचे दाणे फेकले आणि त्यावर शिक्षकांनी दिलेला दम माझ्या टेपवर स्वच्छ आला. त्या अख्ख्या दालनात दगडासारखा एकच माणूस उभा होता, तो म्हणजे दिवसाला दोन पाकिटं ओढणारा आमचा कॅमेरामन. शेवटी एक म्हातारे भिक्षू उठून आले, माझ्या कानांवरचे हेडफोन त्यांनी काढून स्वतःच्या कानाला लावले. मी माइक धरून उभी. बॅटरी जातेय, दिग्दर्शक घड्याळ बघतोय. ते ऐकतच राहिले. मग हिंदीत म्हणाले, “बहनजी, कुकर की सीटी बहुत अच्छी आती है.”

त्या उंचीवर कुकरशिवाय डाळ शिजत नाही. स्वयंपाकघरातली ती शिट्टी मी तीन दिवस ‘खराबी’ म्हणून वहीत नोंदत होते. ते तिथे चाळीस वर्षं राहिले होते आणि त्यांना तीच आवडली. माझी खात्री आहे की, कॅमेरा त्यांच्या हातात असता तर तो माहितीपट कुकरपासून सुरू झाला असता.

हे काही मी कल्पनेने बोलत नाही. असा सिनेमा झालेला आहे. भूतानचे लामा झोंगसार जामयांग ख्येन्त्से, सिनेमाच्या जगात ख्येन्त्से नोर्बू, यांनी १९९९ मध्ये ‘द कप’ काढला. तो कथापट आहे, पण हिमाचलमधल्या बीर गावच्या चोकलिंग मठात तिथल्याच भिक्षूंना घेऊन केलेला, त्यामुळे अर्धा माहितीपटच. १९९८ची फुटबॉल विश्वचषक स्पर्धा चालू आहे आणि मठातल्या पोरांना अंतिम सामना बघायचाय. डिश आणि टीव्ही भाड्याने आणायला पैसे नाहीत, म्हणून नवीनच आलेल्या एका मुलाचं, त्याच्या आईने दिलेलं घड्याळ गहाण पडतं. बस्स, एवढीच गोष्ट. त्यात एकही भिक्षू पुतळा वाटत नाही. बाहेरच्या दिग्दर्शकाची हे दाखवायची छाती झाली नसती. त्याला भीती वाटली असती की अपमान होईल. घरचा माणूस घरच्यांना हसू शकतो. आपल्या कीर्तनकारांना हे चांगलं ठाऊक आहे.

बर्टोलुचींच्या ‘लिटल बुद्धा’च्या वेळी सल्लागार म्हणून राहून ख्येन्त्से नोर्बूंनी हा धंदा जवळून पाहिला होता. पुढच्या ‘ट्रॅव्हलर्स अँड मॅजिशियन्स’च्या वेळी नट कोण घ्यायचे आणि चित्रीकरण कधी सुरू करायचं हे त्यांनी ‘मो’ पद्धतीने, म्हणजे सरळ आपल्या भाषेत कौल लावून ठरवलं. हे वाचून माझे काही सहकारी हसले. मी ज्या निर्मात्यांबरोबर काम केलंय त्यांची नट निवडायची रीत पाहता मला कौल जास्त विश्वासाचा वाटतो. ‘द कप’मध्ये काम केलेले नेतेन चोकलिंग हे लामाही मग स्वतः दिग्दर्शक झाले. त्यांनी स्पितीत ‘मिलारेपा’ केला आणि २०१० मध्ये ‘ब्रिलियंट मून’ हा माहितीपट. कुणावर? पुन्हा दिल्गो ख्येन्त्से यांच्यावरच.

आणि इथे माझी कुरकुर सुरू होते.

एकाच गुरूवर दोन शिष्यांचे दोन माहितीपट, आणि दोन्हींत गुरू महान. ते महान होते यात मला शंका नाही. पण शिष्याच्या कॅमेऱ्याची उंची ठरलेली असते. तो खालून वर बघतो. रिकार यांचा माहितीपट मी पाच-सहा वेळा पाहिला असेन. त्यात एकही प्रश्न असा नाही ज्याचं उत्तर विचारणाऱ्याला आधीच ठाऊक नाही. ते गुरुचरित्र आहे, फार सुंदर गुरुचरित्र. आपल्याकडे चरित्रकार शिष्यांची परंपरा महानुभावांपासून आहे, तेव्हा या जातीचं लेखन वाचायचं कसं हे मराठी वाचकाला शिकवायला नको. अडचण तेव्हा होते जेव्हा असल्या चरित्रालाच आपण साक्ष समजू लागतो.

२०१७ मध्ये पश्चिमेतले अतिशय लोकप्रिय तिबेटी लामा सोग्याल रिन्पोचे यांच्या आठ जुन्या शिष्यांनी एक पत्र लिहिलं. मारहाण, लैंगिक शोषण, पैशाची उधळपट्टी, सगळं त्यात होतं. त्यांच्याच रिग्पा या संस्थेने नेमलेल्या वकिलांनी पुढच्या वर्षी अहवाल दिला आणि बऱ्याच आरोपांना पुष्टी मिळाली. रिकार यांनी तेव्हा असं वागणं मान्य होण्यासारखं नाही, असं स्पष्ट लिहिलं, हे नोंदवायला हवं. ख्येन्त्से नोर्बू यांनीही लांबलचक लेख लिहिला. तो अनेकांना गुरूची बाजू सावरणारा वाटला. पण माहितीपट? तो केला एलोदी एमरी आणि वाँद्रीय लानो या दोन फ्रेंच पत्रकारांनी, २०२२ मध्ये, आर्ते वाहिनीसाठी. बौद्ध संस्थांमधल्या मौनावर. मठाच्या आत बारा वर्षं राहून ज्यांना माणसांचे श्वास ओळखता येतात, त्यांच्या कॅमेऱ्यांना हे मौन ऐकू आलं नाही. ते ऐकायला बाहेरून माणसं यावी लागली.

उलट बाजूने आतल्या माणसाने जरा वेगळं काही केलं तर आतलेच त्याला काय करतात तेही बघा. ख्येन्त्से नोर्बूंच्या २०१६च्या ‘हेमा हेमा’त जंगलात मुखवटे घालून जमलेली माणसं आहेत. धार्मिक मुखवट्यांचा असा वापर चालणार नाही म्हणून भूतानने तो आपल्या देशात दाखवू दिला नाही. सिनेमा काढणारा माणूस त्याच देशातला पूज्य लामा, तरीही.

म्हणून माझं मत साधं आहे, आणि ते तिबेटपुरतं नाही. परंपरेवरचा माहितीपट तिथे वर्षानुवर्षं राहिलेल्याने करावा. तीन दिवसांच्या पाहुण्याने करू नये. पण कात्री त्याच्या एकट्याच्या हातात देऊ नये. चित्रीकरण घरच्याचं, संकलनाच्या टेबलावर शेजारच्या खुर्चीत एक परका. ज्याला कुणाच्या पाया पडायचं नाही असा. अनुदान देणारी मंडळी नेमकं उलटं करतात. बाहेरच्याला पाठवतात आणि तयार झालेला माहितीपट संस्थेच्या विश्वस्तांना दाखवून मंजूर करून घेतात.

परका माणूस राहायला तयार असेल तर त्याचाही घरचा होतो, हे महाराष्ट्राने पाहिलंय. हायडेलबर्गचे गुंथर सोन्थायमर साठच्या दशकापासून इथे येत राहिले, धनगरांच्या तळांवर बसून ओव्या टेपवर घेत राहिले. हेनिंग श्टेगम्युलर यांच्याबरोबर त्यांनी वारीवर आणि खंडोबावर माहितीपट केले. त्यांना भक्त होण्याची गरज पडली नाही. घाई नव्हती, एवढं पुरलं.

आम्हाला घाई होती. वीसेक वर्षांपूर्वी एका वाहिनीच्या वारीवरच्या मालिकेत मी ध्वनिमुद्रक होते. वाहिनीचं नाव सांगत नाही. माझं आजोळ बरडचं. माउलींची पालखी फलटणहून तिथे येते. लहानपणी आजीच्या हाताखाली वारकऱ्यांना पाणी दिलेलं, म्हणून मी स्वतःला घरची समजत होते. आमच्या दिग्दर्शकाने एका दिंडीला सांगितलं, माउली, परत एकदा मागून चालत या, ऊन चांगलं आहे. टाळकरी बिचारे मागे फिरले. विणेकरी जागचा हलला नाही. मी त्याला विनवायला गेले, तर तो वैतागला नाही, काही नाही. नुसता पंढरपूरच्या दिशेने बघत उभा राहिला. त्या दिशेला चालायला निघालेला माणूस उन्हासाठी मागे कसा वळेल, हे माझ्या लक्षात यायला हवं होतं. बरडची नात ना मी!

पण सांगायची गोष्ट वेगळीच आहे. मुक्कामाच्या तळावर संध्याकाळी समाज आरती होते. साऱ्या दिंड्या पालखीभोवती गोलाकार उभ्या राहतात, हजारो टाळ एकाच वेळी चालू असतात. मग चोपदार चोप उंच करतो आणि सगळं थांबतं. आयुष्यभर मी शांतता गोळा करत आले, पण एवढ्या माणसांची अशी एकदम पडलेली शांतता दुसरीकडे ऐकलेली नाही. मात्र ज्या दिंडीची काही तक्रार असेल ती टाळ थांबवत नाही. अख्खा तळ गप्प आणि एका कोपऱ्यातून टाळ वाजत राहतात. चोपदार तिकडे जातो, काय झालं ते ऐकून घेतो, मगच पुढचं. हरवलेल्या वस्तू पुकारतात, दुसऱ्या दिवशीच्या निघण्याची वेळ सांगतात, आरती होते.

त्या वर्षी बरडच्या तळावर असे टाळ वाजले. मी ते घेतले. चोप वर, शांतता, आणि डावीकडून, लांबून, सात-आठ टाळ. साधारण चार मिनिटं. माझ्या चौतीस वर्षांतलं ते सगळ्यात चांगलं ध्वनिमुद्रण असावं.

मुंबईत संकलकाने ते ऐकलं आणि म्हणाला, “इथे कुणीतरी चुकून वाजवत राहिलंय, काढून टाकू.” शांतता ठेवली. तिच्यावर बासरी घातली. मी शेजारीच बसले होते. माझे दोन महिन्यांचे पैसे यायचे होते, आणि ते टाळ म्हणजे तक्रार आहे हे मी त्याला सांगितलं नाही. एखाद्या वारकऱ्याने संकलन केलं असतं तर त्याला टाळांचा अर्थ चटकन कळला असता. पण मग त्याने ते ठेवले असते, की चारचौघांत घरचं भांडण नको म्हणून त्यानेही काढले असते? रिकार यांचा माहितीपट पाहताना मला दर वेळी हे आठवतं.

मूळ टेप माझ्याकडे राहिली. नांदेडच्या त्या मुलीला मी ती गेल्या महिन्यात ऐकवली. तिने डोळे मिटून चारही मिनिटं ऐकली, एकदा मागे नेऊन पुन्हा ऐकली. मग हेडफोन काढत विचारलं, “त्या दिंडीची तक्रार काय होती?”

मी विचारलंच नव्हतं. फलटणला जेवायला थांबायचं ठरलं होतं आणि आमची गाडी सुटणार होती.